गावाचा विकास आराखडा कसा वाचावा आणि हरकत कशी नोंदवावी

पुणे महापालिकेच्या हद्दीत ऑक्टोबर 2017 मध्ये 11 गावे आली, 30 जून 2021 रोजी आणखी 23 गावांची भर पडली आणि शहराचे क्षेत्रफळ 500 चौरस किलोमीटरच्या पुढे जाऊन बृहन्मुंबईपेक्षाही मोठे झाले. त्यांतील उरुळी देवाची आणि फुरसुंगी ही गावे पुढे वगळून त्यांची वेगळी नगरपरिषद करण्यात आली. ग्रामपंचायतीचे दप्तर जमा झाले आणि घरपट्टीची पावती बदलली एवढ्यावरून हद्दवाढीचा खरा अर्थ कळत नाही. तो कळतो प्रारूप विकास आराखड्यावरून. कोणत्या गटातून रस्ता जाणार, शाळा कुठे होणार, ओढ्याच्या काठी इमारती उभ्या राहणार की झाडे, हे सारे त्या नकाशावर वीस-वीस वर्षांसाठी ठरते. त्यावर बोलण्याचा हक्क कायद्याने प्रत्येकाला दिलेला आहे, पण तो बजावण्यासाठी मिळणारे दिवस मोजके असतात.

हे मार्गदर्शन दोघांसाठी आहे. एक, ज्याची वडिलोपार्जित जमीन या नकाशात आहे तो शेतकरी; आणि दुसरा, गेल्या दहा वर्षांत त्याच शिवारातल्या सोसायटीत राहायला आलेला सदनिकाधारक. या दोघांनी आराखडा एकत्र बसून वाचला पाहिजे, असे माझे ठाम मत आहे. पाणी कुठून येते आणि कुठे साचते हे शेतकऱ्याला ठाऊक असते, तर अर्ज, नोंदी आणि पाठपुरावा यांची सवय सोसायटीतल्या माणसांना असते. दोघे वेगवेगळे गेले की एकाची हरकत ‘जमीन वाचवण्यासाठी’ आणि दुसऱ्याची ‘बाहेरून आलेल्यांची तक्रार’ म्हणून बाजूला पडते.

आधी प्रक्रिया समजून घ्यावी

महाराष्ट्रात हे सारे काम महाराष्ट्र प्रादेशिक नियोजन व नगररचना अधिनियम, 1966 या कायद्याने चालते. नियोजन प्राधिकरण, म्हणजे महापालिका, नगरपरिषद किंवा शासनाने नेमलेले अन्य प्राधिकरण, कलम 23 अन्वये आराखडा करण्याचा इरादा जाहीर करते, कलम 25 अन्वये जमिनीच्या सध्याच्या वापराचा नकाशा तयार करते आणि कलम 26 अन्वये प्रारूप आराखडा प्रसिद्ध करून हरकती व सूचना मागवते. ही सूचना राजपत्रात आणि वर्तमानपत्रांत छापून येते. मुदत बहुधा 30 दिवसांची असते आणि ती सूचनेच्या तारखेपासून मोजली जाते, आपल्या हाती नकाशा पडल्याच्या दिवसापासून नव्हे. त्यामुळे शेवटची तारीख सूचनेतच वाचून घ्यावी आणि मुदतवाढ मिळेल या भरवशावर राहू नये.

हरकती आल्यानंतर कलम 28 अन्वये नियोजन समिती सुनावणी घेते. या समितीत स्थायी समितीचे तीन सदस्य आणि नगररचना संचालकांनी नेमलेले जास्तीत जास्त चार जाणकार असतात. समितीच्या अहवालानंतर आराखडा फेरबदलांसह कलम 30 अन्वये शासनाकडे जातो आणि कलम 31 अन्वये मंजूर होतो.

जे गाव अजून कोणत्याही शहराच्या हद्दीत आलेले नाही, तिथे प्रादेशिक योजना लागू असते. पुणे परिसराची प्रादेशिक योजना 1997 साली मंजूर झालेली आहे. पुणे महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाने आपल्या क्षेत्राचा प्रारूप आराखडा ऑगस्ट 2021 मध्ये प्रसिद्ध केला, त्यावर हजारो हरकती आल्या आणि अखेरीस शासनाने तो रद्द केला. त्या मधल्या काळात ‘आराखड्यात पिवळा झोन पडला आहे’, म्हणजे जमीन निवासी झाली आहे, एवढ्या शब्दावर ज्यांनी गुंठ्यांचे व्यवहार केले, त्यांच्या हाती काय उरले असेल याचा विचार जमीन घेणाऱ्या प्रत्येकाने करावा. प्रारूप म्हणजे मंजूर नव्हे, हे वाक्य घरातल्या सगळ्यांना सांगून ठेवावे.

कोणते कागद हाताशी हवेत

नकाशा पाहण्याआधी चार कागद गोळा करावेत. आपल्या गटाचा सातबारा, भूमी अभिलेख कार्यालयातून मिळणारा मोजणी नकाशा, गावाचा जुना नकाशा आणि प्रारूप आराखड्याचा आपल्या भागापुरता प्रमाणित उतारा, ज्याला कार्यालयात भाग नकाशा म्हणतात. गटांच्या सीमा महाभूनकाशा या संकेतस्थळावर घरबसल्या पाहता येतात, परंतु हरकतीला जोडण्यासाठी प्रमाणित प्रतच घ्यावी. यांतला गावाचा जुना नकाशा लोक हमखास विसरतात आणि तोच सर्वात मोलाचा असतो, कारण त्यावर ओढे, शिवरस्ते, पाणंदी, विहिरी आणि गायरान दाखवलेले असते.

नकाशासोबत आराखड्याचा अहवालही प्रसिद्ध होतो आणि तो शेदोनशे पानांचा असतो. तो पूर्ण वाचला नाही तरी तीन गोष्टी त्यात शोधाव्यात. पुढील वीस वर्षांत लोकसंख्या किती होईल असे धरले आहे, प्रत्येक सोयीसाठी किती जागा लागेल असे गणित मांडले आहे, आणि त्यांपैकी प्रत्यक्षात किती जागा आरक्षित केली आहे. या तीन आकड्यांत मेळ नसेल तर तुमच्या हरकतीचा पहिला परिच्छेद तयार झाला असे समजावे.

नकाशा वाचताना

पहिल्यांदा कोपऱ्यातली सूची वाचावी. पिवळा म्हणजे निवासी आणि हिरवा म्हणजे शेती किंवा ना-विकास क्षेत्र, एवढे सर्वांना माहीत असते, पण आरक्षणांना क्रमांक असतात आणि त्या क्रमांकांचा तक्ता अहवालात असतो. त्या तक्त्यात आरक्षण कशासाठी आहे, किती क्षेत्राचे आहे आणि ते कोणी विकसित करायचे, म्हणजे समुचित प्राधिकरण कोण, हे लिहिलेले असते. प्राथमिक शाळा, क्रीडांगण, उद्यान, दवाखाना, भाजी मंडई, स्मशानभूमी, कचरा प्रकल्प, मलनिस्सारण केंद्र आणि अग्निशमन केंद्र या प्रत्येकासमोर आपल्या गावाच्या हद्दीत किती आणि कुठे, अशी खूण करावी. जे सापडत नाही त्याची वेगळी यादी करावी.

रस्त्यांची रुंदी नकाशावर मीटरमध्ये लिहिलेली असते. हा आकडा केवळ वाहतुकीचा आहे असे समजून लोक तो सोडून देतात, पण माझ्या मते आराखड्यातला सर्वात बोलका आकडा तोच आहे. राज्याच्या बहुतांश भागाला डिसेंबर 2020 पासून लागू झालेल्या एकत्रित विकास नियंत्रण व प्रोत्साहन नियमावलीत इमारतीला किती चटई क्षेत्र, म्हणजे सर्व मजल्यांचे मिळून किती बांधकाम, मिळेल हे समोरच्या रस्त्याच्या रुंदीशी जोडलेले आहे. 9 मीटरपेक्षा अरुंद रस्त्यावर अधिमूल्य, म्हणजे जादा शुल्क, भरून मिळणारे वाढीव क्षेत्र किंवा टीडीआर, म्हणजे सार्वजनिक कामासाठी दिलेल्या जमिनीच्या मोबदल्यात मिळणारा व दुसरीकडे वापरता येणारा बांधकामाचा हक्क, वापरता येत नाही आणि रस्ता जसजसा रुंद होतो तसतशी ही मर्यादा वाढत जाते. म्हणून शेतातून जाणारा 24 मीटरचा रस्ता दिसला की त्याच्या दोन्ही बाजूंना उद्या उंच इमारती येणार आहेत असे वाचावे आणि त्या इमारतींचे पाणी, सांडपाणी, कचरा व मुले कुठे जाणार, हे त्याच नकाशावर शोधावे.

एक हेक्टरचे गणित

हे गणित प्रत्येक हरकतदाराने स्वतः करून पाहावे, कारण सुनावणीत याच्याइतके उपयोगी पडणारे दुसरे काही नाही. एक हेक्टर म्हणजे 10,000 चौरस मीटर, जवळजवळ अडीच एकर. पुण्यासारख्या शहरात मूळ चटई क्षेत्र निर्देशांक 1.10 धरला तर ढोबळ मानाने 11,000 चौरस मीटर बांधकाम होते. सदनिका सरासरी 70 चौरस मीटरची धरली तर सुमारे 157 घरे आणि घरटी चार माणसे धरली तर सुमारे 630 माणसे होतात. टीडीआर आणि अधिमूल्याचे वाढीव क्षेत्र यात धरलेलेच नाही.

शहरी पाणीपुरवठ्याचा केंद्रीय निकष माणशी रोज 135 लिटरचा आहे. म्हणजे या एका हेक्टराला दररोज सुमारे 85,000 लिटर पाणी हवे. 10,000 लिटरचा टँकर धरला तर रोज आठ ते नऊ टँकर. आता आपल्या गावात पिवळ्या रंगाचे किती हेक्टर आहेत ते मोजा आणि गुणाकार करा.

मोकळ्या जागेचे गणित आणखी डोळे उघडणारे आहे. केंद्र शासनाच्या 2014 च्या नगरनियोजनविषयक मार्गदर्शक सूचनांत माणशी 10 ते 12 चौरस मीटर खुली जागा सुचवलेली आहे. 630 माणसांना किमान 6,300 चौरस मीटर लागतील. नियमावलीप्रमाणे 4,000 चौरस मीटर व त्यावरील भूखंडात 10 टक्के खुली जागा सोडावी लागते, म्हणजे आपल्या एका हेक्टरात 1,000 चौरस मीटर. उरलेले 5,300 चौरस मीटर आराखड्यातल्या उद्यानांच्या आणि क्रीडांगणांच्या आरक्षणांतूनच यायला हवेत. ते तिथे नसतील तर ते कुठेच नसतात. मग मुले वाहनतळात खेळतात आणि म्हातारी माणसे रस्त्याच्या कडेने फिरतात. हे दृश्य आपल्या उपनगरांत इतके नेहमीचे झाले आहे की तो कोणाच्या तरी नकाशातला दोष आहे, हे आपल्या लक्षातही येत नाही.

नकाशा घेऊन शिवारात जावे

कार्यालयाच्या भिंतीवर लावलेला नकाशा पाहून परत येणे पुरेसे नाही. भाग नकाशाची प्रत, गावाचा जुना नकाशा, तीस मीटरची मोजणीची टेप, जागेचे अक्षांश-रेखांश दाखवणारा मोबाइल आणि गावातले एखादे वयस्कर माणूस एवढे बरोबर घेऊन सकाळी निघावे. मुदतीतले दोन रविवार यासाठीच राखून ठेवावेत.

आम्ही आमच्या गावात असे फिरलो, तेव्हा सर्वात मोठी चूक ओढ्याजवळ सापडली. गावाच्या जुन्या नकाशावर दोन समांतर रेषांनी ठळक दाखवलेला ओढा प्रारूप आराखड्यात एका बारीक निळ्या रेघेएवढा उरला होता आणि मोसंबीच्या जुन्या बागेपाशी तर ती रेघही संपून पुढचे सगळे पिवळे झाले होते. जागेवर मात्र ओढा होता. मे महिना असल्यामुळे पात्र कोरडे होते, तळाशी गोटे आणि करंजाची पडलेली पाने होती. आम्ही काठापासून काठापर्यंत टेप धरली आणि ती 11 मीटर भरली. पलीकडच्या वस्तीवरच्या आजींनी आम्हाला घराच्या ओट्यापाशी नेले आणि तिसऱ्या पायरीवर हात ठेवून सांगितले, “सप्टेंबरात पाणी इथं लागलं होतं. गुरं सोडून द्यावी लागली बाळा, दावी कापून.” त्या पायरीची उंची, पात्रापासूनचे अंतर आणि जागेचा फोटो आम्ही हरकतीला जोडला. त्या एका पायरीने जे काम केले ते आमच्या चार पानी निवेदनाने केले नसते.

त्या सप्टेंबराचा उल्लेख पुण्याजवळच्या माणसाला समजावून सांगावा लागत नाही. 25 सप्टेंबर 2019 च्या रात्री कात्रजकडून येणाऱ्या आंबिल ओढ्याला पूर आला, वस्त्यांत आणि सोसायट्यांत पाणी शिरले आणि माणसे दगावली. ओढ्याचे पात्र अरुंद करत नेले की पावसाचे पाणी नाहीसे होत नाही, ते आपली जुनी वाट शोधते. मोठ्या नद्यांसाठी जलसंपदा विभाग पूररेषा आखतो. निळी रेषा साधारण 25 वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची आणि लाल रेषा 100 वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची असते, आणि निळ्या रेषेच्या आत बांधकामाला मनाई असते. गावच्या लहान ओढ्यांवर मात्र अशी रेषा बहुधा आखलेलीच नसते. तिथे गावकऱ्यांची आठवण आणि घरांच्या भिंतींवरच्या पाण्याच्या खुणा हाच पुरावा, म्हणून तो मोजून, फोटो काढून आणि सांगणाऱ्याची सही घेऊन नोंदवावा.

ओढ्यासारखीच नजर विहिरींवर आणि पाण्याच्या जुन्या सोयींवर ठेवावी. जानेवारी 2025 मध्ये सिंहगड रस्त्याच्या परिसरात, नांदेड, किरकटवाडी, धायरी अशा नव्याने शहरात आलेल्या गावांत जीबीएस या मज्जासंस्थेच्या आजाराचे रुग्ण एकाएकी वाढले, तेव्हा तिथल्या पाण्याच्या स्रोतांची तपासणी करावी लागली आणि पाणी उकळून पिण्याचे आवाहन करावे लागले. गाव शहरात येते, पण जलशुद्धीकरण केंद्र आणि सांडपाण्याची वाहिनी त्याच्या मागून, कित्येकदा खूपच उशिरा येते. त्यामुळे पिण्याच्या विहिरीच्या वरच्या अंगाला काय प्रस्तावित आहे, मलनिस्सारण केंद्राला जागा ठेवली आहे का आणि ती उताराच्या खालच्या टोकाला आहे का, हे जागेवर उभे राहून पाहावे. सांडपाणी आपोआप उतारानेच वाहते. चढावर दाखवलेले केंद्र कागदावरच राहण्याचा धोका मोठा असतो.

टेकडी असेल तर तिच्या पायथ्याशी थांबून उतार पाहावा. 1 ला 5 पेक्षा, म्हणजे पाच मीटर अंतरात एक मीटर चढ याहून, तीव्र उतारावर बांधकामाला परवानगी देता येत नाही. 1997 मध्ये पुण्यात आलेल्या गावांपैकी 23 गावांच्या टेकड्यांवर साडेनऊशे हेक्टरांहून अधिक क्षेत्र जैवविविधता उद्यानासाठी राखले गेले आणि शासनाने 2015 मध्ये जमीनमालकांना 8 टक्के टीडीआर देण्याचे ठरवले, तरी मोबदल्याचा वाद बराच काळ मिटला नाही. टेकडी राखायची तर ज्याच्या नावावर ती आहे त्याला योग्य मोबदलाही मिळाला पाहिजे, ही मागणी हरकतीत लिहायला संकोच करू नये. शेतकऱ्याला तोट्यात टाकून राखलेली हिरवळ टिकत नाही.

गायरानाबद्दल थोडक्यात. शासकीय जमीन विकत घ्यावी लागत नाही, म्हणून आरक्षणे टाकताना प्राधिकरणाची नजर आधी तिकडे जाते. तिथे दवाखाना किंवा शाळा व्हावी असे वाटत असेल तर तसे जरूर सुचवावे, परंतु सगळे गायरान एका फटक्यात कचरा प्रकल्पासाठी गेले असेल तर तीव्र हरकत घ्यावी. सामायिक जमिनींच्या रक्षणाबाबत सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी 2011 मध्ये जगपाल सिंग विरुद्ध पंजाब राज्य या प्रकरणात दिलेला निकाल आणि त्यानंतर राज्य शासनाने जुलै 2011 मध्ये काढलेला निर्णय, या दोन्हींचा दाखला द्यावा.

हरकत कशी लिहावी

एका हरकतीत एकच मुद्दा लिहावा. पाच मुद्दे असतील तर पाच अर्ज द्यावेत, कारण प्रत्येक अर्जाला वेगळा क्रमांक मिळतो आणि प्रत्येकावर समितीला वेगळा निर्णय नोंदवावा लागतो. एकाच अर्जात दहा तक्रारी कोंबल्या की त्यांतल्या सोप्या मुद्द्याला उत्तर मिळते आणि बाकीचे वाहून जातात. छापील नमुन्यावर शंभर जणांच्या सह्या घेण्याची पद्धत गावोगाव आहे. तिने संख्या दिसते, पण पुरावा जोडलेली एक हरकत त्याहून जास्त वजनाची ठरते असा माझा अनुभव आहे. दोन्ही करता आले तर उत्तमच.

अर्जात गट क्रमांक, भाग नकाशाचा क्रमांक, आरक्षण किंवा रस्त्याचा क्रमांक, जागेवरची वस्तुस्थिती, जोडलेला पुरावा आणि नेमकी मागणी हे सारे याच क्रमाने यावे. मागणी हा भाग सर्वात महत्त्वाचा आहे. ‘हा रस्ता अन्यायकारक आहे’ एवढे लिहून थांबणाऱ्या अर्जावर समिती काहीही करू शकत नाही. आम्ही ओढ्यासाठी लिहिलेल्या मजकुराचा सांगाडा असा होता :

“मौजे अमुक येथील गट क्रमांक अमुक ते अमुक यांमधून वाहणारा नैसर्गिक ओढा गावाच्या मूळ नकाशावर दर्शविलेला असून प्रारूप आराखड्यात तो दर्शविण्यात आलेला नाही व सदर क्षेत्र निवासी विभागात समाविष्ट करण्यात आले आहे. प्रत्यक्ष जागेवर पात्राची रुंदी 11 मीटर आढळते. सप्टेंबर 2019 मधील पुराच्या पातळीच्या खुणा, छायाचित्रे व स्थानिक रहिवाशांची निवेदने सोबत जोडली आहेत. सबब, ओढ्याचे पात्र त्याच्या मूळ रुंदीसह आराखड्यात दर्शवावे, दोन्ही काठांवर खुली हरित पट्टी ठेवावी आणि सदर बदल मंजुरीसाठी पाठविण्याच्या आराखड्यात समाविष्ट करावा, ही विनंती.”

ज्याच्या शेतावर आरक्षण पडले आहे, त्याने ते केवळ उठवण्याची मागणी करण्याआधी थोडा विचार करावा, असे मी आग्रहाने सांगतो. शाळेचे आरक्षण एका गटावरून उठले की ते दुसऱ्या गटावर जाते किंवा कायमचे जाते, आणि दुसऱ्या प्रकारात नुकसान आपल्याच नातवंडांचे असते. आरक्षण दोन-तीन गटांच्या सीमेवर विभागून ठेवा, जवळचा शासकीय गट वापरा, रस्त्याची आखणी बांधाच्या कडेने न्या म्हणजे शेताचे दोन तुकडे होणार नाहीत, असे पर्याय नकाशावर पेन्सिलीने आखून दिले तर समितीला ते स्वीकारणे सोपे जाते. ग्रामसभेचा ठराव किंवा गाव शहरात गेले असल्यास सोसायट्यांचा संयुक्त ठराव सोबत असावा.

अर्ज आवक विभागात द्यावा आणि आपल्या प्रतीवर शिक्का, तारीख व आवक क्रमांक घेतल्याशिवाय तिथून हलू नये. ऑनलाइन सोय असली तरी पोचपावती छापून ठेवावी. आमच्या ओळखीच्या एका कुटुंबाची हरकत शेवटच्या दिवशी एका कार्यालयात तोंडी ‘घेतो’ म्हणून ठेवून घेतली गेली आणि यादीत ती आलीच नाही. हाती पोच नसल्यामुळे पुढे दाद मागायलाही आधार उरला नाही.

सुनावणीच्या दिवशी

सुनावणीची नोटीस पत्राने किंवा वर्तमानपत्रातून येते, म्हणून अर्जावर चालू पत्ता आणि दूरध्वनी क्रमांक असावा. बोलायला फार तर पाच मिनिटे मिळतात. गर्दी घेऊन जाण्यापेक्षा विषयाची माहिती असलेल्या एकानेच बोलावे, मोठ्या कागदावर रंगवलेला जागेचा नकाशा समितीसमोर उलगडावा आणि मागणीचे वाक्य शेवटी पुन्हा वाचून दाखवावे. नवे मुद्दे सुचले तर ते लेखी देऊन त्याचीही पोच घ्यावी. समितीतील जाणकार सदस्य प्रश्न विचारतात तेव्हा चिडून उत्तर देऊ नये. त्या प्रश्नातून बहुधा त्यांना आपल्याच बाजूचा आधार हवा असतो.

मंजुरीनंतरची कामे

आराखडा शासनाकडून मंजूर होतो तेव्हा काही भाग मंजूर होतो आणि ज्या भागात सारभूत बदल केले आहेत तो वगळून त्यावर पुन्हा हरकती मागवल्या जातात. या वगळलेल्या भागाची सूचना राजपत्रात येते आणि आपले काम झाले असे समजून बसलेले लोक इथेच चुकतात. तोपर्यंत मूळ हरकतीची संचिका जपून ठेवावी. मंजुरीनंतरही कलम 37 अन्वये किरकोळ फेरबदल होऊ शकतात आणि त्यांचीही सूचना निघते, म्हणून गावात एका माणसाने राजपत्र आणि वर्तमानपत्रातील जाहीर सूचना नियमाने पाहण्याची जबाबदारी घ्यावी.

कलम 127 प्रत्येकाला ठाऊक असावे. अंतिम आराखडा अमलात आल्यापासून 10 वर्षांत आरक्षित जमीन संपादित झाली नाही, तर जमीनमालक खरेदीची सूचना देऊ शकतो आणि त्यानंतर 24 महिन्यांत संपादनाची पावले उचलली गेली नाहीत तर आरक्षण व्यपगत होते, म्हणजे संपुष्टात येते. कायद्याने मालकाला दिलेला हा न्याय्य हक्क आहे, कारण कोणाचीही जमीन पिढ्यान्पिढ्या अडकवून ठेवता येत नाही. पण क्रीडांगणाची वाट पाहणाऱ्या वस्तीने हीच 10 वर्षे उलट बाजूने मोजायची असतात. प्राधिकरणाने अंदाजपत्रकात त्या आरक्षणासाठी तरतूद केली आहे का, टीडीआरच्या बदल्यात जागेचा ताबा मागितला आहे का, हे दरवर्षी विचारले नाही तर अकराव्या वर्षी मैदानाच्या जागी इमारतीचा पाया खणलेला दिसतो.

ते विचारण्यासाठी माहितीचा अधिकार अधिनियम, 2005 पुरेसा आहे. 10 रुपये शुल्क भरून अर्ज करावा. उत्तराची मुदत 30 दिवसांची असते. अर्जात गावातील सर्व आरक्षणांचे क्रमांक देऊन प्रत्येकाची सद्यस्थिती, ताब्यात आलेले क्षेत्र आणि चालू अंदाजपत्रकातील तरतूद एवढेच विचारावे. आम्ही हा अर्ज दर एप्रिलमध्ये करतो. उत्तराचा तक्ता सोसायटीच्या फलकावर आणि देवळाच्या सभामंडपात, दोन्हीकडे लावतो आणि ज्या आरक्षणासमोर सलग दोन वर्षे ‘कार्यवाही नाही’ असे आले, त्याच्यासाठी अंदाजपत्रक तयार होण्याआधी, ऑक्टोबर-नोव्हेंबरात, प्रभागातल्या लोकप्रतिनिधींकडे लेखी मागणी देतो.